लाय डिटेक्टर चाचणीच्या संमतीपत्रावर सही करण्यापूर्वी

प्रश्न थोडक्यात असा आहे. तालुक्याच्या गावातील एका पतसंस्थेच्या तिजोरीतून १८ लाख रुपयांची रोकड नाहीशी झाली आहे. तिजोरीच्या किल्ल्यांशी संबंध येणारे कर्मचारी पाच असून प्रश्नकर्त्यांचे मेहुणे त्यांपैकी रोखपाल आहेत. अटक कोणालाही झालेली नाही; नोटीस देऊन चार वेळा चौकशी झाली. पाचव्या खेपेस तपास अधिकाऱ्यांनी ‘मी स्वखुशीने लाय डिटेक्टर चाचणीस तयार आहे’ असा टंकलिखित कागद पुढे ठेवला, बाकीच्या चौघांनी सही केल्याचे सांगितले आणि विचारले, की काही केलेच नसेल तर यंत्राला घाबरण्याचे कारण काय? सही करावी का, नकार दिल्यास तो पुढे न्यायालयात अंगावर येईल का, आणि चाचणीत ‘पास’ झाल्यास संशय कायमचा फिटेल का, असे तीन प्रश्न विचारले आहेत.

मी सहा वर्षे सहायक सरकारी अभियोक्ता म्हणून काम केले आणि त्यानंतर अठरा वर्षे बचाव पक्षाचे खटले चालवीत आहे, त्यामुळे असा कागद पुढे करणाऱ्याच्या मनात काय असते आणि त्यावर सही करणाऱ्याच्या मनात काय असते, या दोन्ही गोष्टी जवळून पाहिल्या आहेत. माझे मत आधी सांगतो. हा कागद, पोलीस ठाण्यात, वकिलाशी बोलण्यापूर्वी सही करण्याजोगा नाही. आणि तशी सही झालीच, तरी कायद्याच्या दृष्टीने तिला संमती म्हणणे कठीण आहे. चाचणी करून घ्यावी की नाही हा पुढचा आणि वेगळा प्रश्न आहे, त्याकडे नंतर येतो.

या विषयावरचा आजचा कायदा मुख्यतः एका निकालातून आलेला आहे. ५ मे २०१० रोजी सरन्यायाधीश के. जी. बालकृष्णन, न्यायमूर्ती आर. व्ही. रवींद्रन आणि न्यायमूर्ती जे. एम. पांचाळ यांच्या खंडपीठाने ‘सेल्वी विरुद्ध कर्नाटक राज्य’ या प्रकरणात नार्को (औषधाच्या गुंगीत प्रश्न विचारणे), पॉलिग्राफ (म्हणजेच लाय डिटेक्टर) आणि ब्रेन मॅपिंग (मेंदूतील विद्युत लहरींची नोंद) या तिन्ही चाचण्या कोणावरही सक्तीने करता येणार नाहीत, असे सांगितले. त्याआधी आपल्याकडे चित्र निराळे होते. तेलगी मुद्रांक घोटाळ्याच्या तपासातील चाचण्यांना आव्हान दिले गेले तेव्हा २००४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने अशा चाचण्या घटनाबाह्य नाहीत असा निर्णय दिला होता आणि पुढची काही वर्षे तपास यंत्रणांनी त्याचा भरपूर आधार घेतला. ‘सेल्वी’ निकालाने ती वाट बंद केली. राज्यघटनेच्या अनुच्छेद २०(३) नुसार आरोपीला स्वतःविरुद्ध साक्षीदार होण्यास भाग पाडता येत नाही, आणि अनुच्छेद २१ मधील व्यक्तिस्वातंत्र्यात स्वतःच्या मनातले स्वतःपाशी ठेवण्याचा अधिकारही येतो, असे त्या निकालाचे दोन आधार आहेत.

येथे एक शंका बहुतेकांना येते. बोटांचे ठसे आणि हस्ताक्षराचे नमुने पोलीस घेतात, तेव्हा संमती कोण विचारतो? मग यंत्राने घेतलेल्या श्वासाच्या आणि नाडीच्या नोंदींना वेगळा न्याय का? ठशांचा प्रश्न १९६१ मध्ये ‘मुंबई राज्य विरुद्ध काठी कालू ओघड’ या प्रकरणात अकरा न्यायमूर्तींच्या पीठाने निकालात काढला होता. ठसे देणे म्हणजे साक्ष देणे नव्हे, कारण ठशातून माणसाला ठाऊक असलेली कोणतीही गोष्ट बाहेर येत नाही. तो जसा आहे तसा दुसऱ्या ठशाशी ताडून पाहायचा असतो. पॉलिग्राफमध्ये मात्र ‘तिजोरी तुम्ही उघडली का?’ असे विचारून त्या प्रश्नावर शरीर काय करते हे पाहिले जाते आणि त्यावरून त्याला काय माहीत आहे याचा अंदाज बांधला जातो. नोंद शरीराची असली तरी शोध मनातल्या माहितीचा आहे, म्हणून न्यायालयाने ती साक्षीच्याच जातीची ठरवली.

मेहुण्यांना अटक झालेली नाही, म्हणजे ते अजून ‘आरोपी’ नाहीत, तर हे संरक्षण त्यांना लागू आहे का? आहे. ‘सेल्वी’ने ते संशयितांना आणि साक्षीदारांनाही दिले. शिवाय भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १८०(२) नुसार, जे जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेत कलम १६१(२) होते, चौकशीला बोलावलेल्या कोणत्याही माणसाला स्वतःला गुन्ह्यात अडकवू शकेल अशा प्रश्नाचे उत्तर देण्याचे बंधन नाही. निकालात ‘फौजदारी तपासात किंवा अन्यथा’ अशा अर्थाचे शब्द आहेत, आणि तुमच्या पत्रात संस्थेच्या संचालकांनीही सही करण्याचा आग्रह धरल्याचा उल्लेख असल्यामुळे ते मुद्दाम सांगतो: मालक किंवा संचालक मंडळ यांनाही अशी सक्ती करता येत नाही.

आता संमतीकडे येऊ, कारण सगळी मेख तिथे आहे. ‘स्वखुशीने’ हा शब्द कागदावर छापणे सोपे असते. राष्ट्रीय मानवी हक्क आयोगाने २००० मध्ये पॉलिग्राफ चाचणीबाबत मार्गदर्शक तत्त्वे काढली आणि त्यांचे काटेकोर पालन झाले पाहिजे असे ‘सेल्वी’मध्ये सर्वोच्च न्यायालयाने बजावले. त्यांनुसार चाचणी करून घ्यायची की नाही हा पर्याय त्या व्यक्तीला मिळाला पाहिजे. ती तयार झाली तर तिला वकील मिळाला पाहिजे आणि चाचणीचे शारीरिक, मानसिक व कायदेशीर परिणाम पोलिसांनी तसेच वकिलाने तिला समजावून सांगितले पाहिजेत. संमतीची नोंद न्यायदंडाधिकाऱ्यांसमोर, वकील हजर असताना झाली पाहिजे. आणि चाचणीत केलेले कथन दंडाधिकाऱ्यांसमोरचा कबुलीजबाब ठरणार नाही, त्याचा दर्जा पोलिसांपुढे दिलेल्या जबाबाचा राहील, हे तिला स्पष्ट सांगितले पाहिजे. माणूस किती काळ कोठडीत आहे आणि त्याची चौकशी कशा रीतीने झाली, याचाही विचार दंडाधिकाऱ्यांनी करायचा आहे. चाचणी रुग्णालयासारख्या स्वतंत्र यंत्रणेत, वकिलाच्या उपस्थितीत व्हायची आहे आणि माहिती कशी मिळाली याची संपूर्ण वैद्यकीय व वस्तुनिष्ठ नोंद ठेवायची आहे.

ही तत्त्वे वाचली की पोलीस ठाण्यातील टंकलिखित कागदाची किंमत आपोआप कळते. तो फार तर दंडाधिकाऱ्यांकडे जाण्यासाठी तयार केलेला अर्जाचा मसुदा आहे. संमती अजून विचारलीच गेलेली नाही.

माझ्या एका खटल्यातील प्रसंग येथे सांगण्यासारखा आहे. अशील ऊसतोडीच्या कामावरचा मजूर, वय तिशीचे, खून प्रकरणात पोलीस कोठडीचा नववा दिवस. चाचणीला संमती असल्याची पुरसिस, म्हणजे न्यायालयात द्यायचे लेखी निवेदन, इंग्रजीत टाइप केलेली होती आणि तिच्याखाली त्याने मराठीत, अक्षर जुळवत, आपले नाव लिहिले होते. माझे वकीलपत्र त्याच सकाळी दाखल झाले होते. दंडाधिकारी बाईंनी त्याला कागद दाखवून विचारले, ‘यात काय लिहिलंय?’ तो म्हणाला, ‘साहेब सांगतील तसं.’ त्यांनी पुन्हा विचारले, ‘नाही म्हटलंस तर काय होईल असं वाटतं?’ त्यावर त्याने तपास अधिकाऱ्यांकडे पाहिले आणि काही बोलला नाही. मी युक्तिवादाला उभा राहण्यापूर्वीच रोजनाम्यात, म्हणजे न्यायालयाच्या दैनंदिन नोंदीत, दोन ओळींत अर्ज फेटाळल्याची नोंद झाली होती. त्या दिवसापासून मीही प्रत्येक अशिलाला दुसरा प्रश्न पहिल्यांदा विचारतो. नाही म्हणण्याची किंमत माणसाला मोठी वाटत असेल, तर त्याच्या हो म्हणण्याला फारसा अर्थ उरत नाही. करार कायद्यातही, एकाचा दुसऱ्याच्या इच्छेवर वरचष्मा असेल आणि त्याने त्याचा गैरफायदा घेतला असेल, तर संमती मुक्त मानली जात नाही. मग ज्याच्या हातात अटकेचा अधिकार आहे त्याच्या टेबलासमोर दिलेल्या होकाराकडे किती साशंकपणे पाहावे हे वेगळे सांगायला नको.

‘काही केले नसेल तर घाबरता कशाला’ या वाक्याने संमती घेणे म्हणजे नकाराला गुन्ह्याचा वास चिकटवणे आहे. सरकारी बाजूने काम करताना मी स्वतः हे वाक्य तपास अधिकाऱ्यांच्या तोंडून इतक्या वेळा ऐकले आणि मनातल्या मनात मान्य केले, की ते चूक आहे हे कळायला मला पलीकडच्या बाकावर बसावे लागले.

दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर यातच आहे. नकारावरून न्यायालय विरुद्ध अनुमान काढू शकत नाही. गप्प राहण्याचा अधिकार चौकशीच्या टप्प्यावरही आहे, हे १९७८ च्या ‘नंदिनी सत्पथी’ निकालापासून मान्य आहे आणि ‘सेल्वी’ने त्याचा पुनरुच्चार केला. पोलिसांचा संशय वाढेल का, असे विचाराल तर प्रामाणिक उत्तर आहे की कदाचित वाढेल. परंतु संशय हा पुरावा नाही. अटकेची भीती असेल तर अटकपूर्व जामिनाचा अर्ज हा त्यावरचा उपाय आहे, यंत्राच्या खुर्चीत बसणे हा नव्हे.

यंत्राविषयीही थोडे नीट समजून घ्यावे, कारण ‘खोटे पकडणारे यंत्र’ या नावातच अर्धी फसगत आहे. खोटे पकडणारे यंत्र अस्तित्वात नाही. छाती व पोटाभोवतीच्या नळ्यांनी श्वासोच्छ्वास, दंडावरच्या पट्ट्याने रक्तदाब व नाडी आणि बोटांना लावलेल्या पट्ट्यांनी त्वचेवरचा घाम, म्हणजे तिची विद्युतवाहकता, मोजली जाते. बोलण्यातला खोटेपणा मोजणारी चौथी वाहिनी त्यात नाही. भीती, संताप, अपमान, अपुरी झोप, हृदयविकाराची किंवा रक्तदाबाची औषधे यांचा परिणाम याच नोंदींवर होतो. प्रचलित पद्धतीत मुख्य प्रश्नाशेजारी एक तुलनेचा प्रश्न ठेवतात, उदाहरणार्थ, ‘या नोकरीपूर्वी तुम्ही कधी दुसऱ्याची वस्तू न विचारता घेतली आहे का?’ येथे बहुतेक माणसे ‘नाही’ म्हणताना मनात कचरतील असे गृहीत धरलेले असते, आणि निर्दोष माणसाची प्रतिक्रिया या प्रश्नावर तिजोरीच्या प्रश्नापेक्षा जास्त उमटेल अशी अपेक्षा असते. ज्या रोखपालाची नोकरी, अब्रू आणि मुलीचे ठरलेले लग्न या एका प्रश्नावर टांगले आहे, त्याची नाडी तिजोरीच्या प्रश्नावर वेगाने चालली तर त्यात नवल काय? अमेरिकेत १९२३ मध्येच ‘फ्राय’ प्रकरणात अशा रक्तदाबाच्या चाचणीवरची साक्ष न्यायालयाने नाकारली होती, आणि तिथल्या राष्ट्रीय संशोधन परिषदेने २००३ च्या अहवालात या शास्त्राचा पाया कमकुवत असल्याचे नोंदवले. उलट बाजूही आहे: सोव्हिएत संघासाठी हेरगिरी करणारा सीआयएचा अधिकारी ऑल्ड्रिच एम्स हा पकडला जाण्यापूर्वी अशा दोन चाचण्या पार करून गेला होता.

तुमच्या पतसंस्थेचे गणित करून पाहा. वादासाठी उदारपणे धरून चालू की निर्दोष माणसाच्या बाबतीत चाचणी १०० पैकी ८५ वेळा बरोबर ठरते. पाच जणांपैकी चोर एक आणि निर्दोष चार. त्या चौघांपैकी निदान एका निर्दोष माणसावर ‘खोटे बोलतो’ असा शिक्का बसण्याची शक्यता तरीही सुमारे ४८ टक्के येते. आणि चोर त्या पाच जणांत नसेलच, बनावट किल्ली बाहेरच्या कोणी केली असेल, तर ती ५५ टक्क्यांच्या वर जाते. ‘सगळ्यांची चाचणी घेऊ, खरे-खोटे होऊन जाईल’ असे म्हणणारे हा हिशोब कधी मांडत नाहीत.

मग निकालाचा न्यायालयात उपयोग काय? ‘सेल्वी’चे उत्तर स्पष्ट आहे: संमतीने केलेल्या चाचणीचा निष्कर्षही पुरावा म्हणून स्वीकारता येत नाही, कारण चाचणीदरम्यान उमटणाऱ्या प्रतिसादांवर माणसाचे जाणीवपूर्वक नियंत्रण नसते. या वाक्यामागे आपल्याकडचाच धडा आहे असे मला वाटते. जून २००८ मध्ये पुण्याच्या सत्र न्यायालयाने खुनाच्या एका खटल्यात जन्मठेप सुनावताना मेंदूतील विद्युत लहरींच्या चाचणीवर भर दिला होता आणि त्याची चर्चा जगभर झाली होती. त्या चाचणीला आरोपीने होकार दिला होता, हे फार थोड्यांच्या लक्षात राहिले. होकार दिल्याने मोजमाप अचूक होत नाही.

पण येथेच अनेक वकीलसुद्धा अर्धवट सल्ला देतात. ‘अहवाल पुरावाच नाही, मग बिनधास्त सही करा’ असे सांगितले जाते. त्याच निकालात पुढे म्हटले आहे की स्वेच्छेने दिलेल्या चाचणीच्या मदतीने नंतर जी माहिती किंवा वस्तू शोधून काढली जाईल ती पुरावा कायद्याच्या कलम २७ नुसार ग्राह्य होऊ शकते. हे कलम आता भारतीय साक्ष अधिनियमात कलम २३ च्या परंतुकात आहे. पोलीस कोठडीतल्या आरोपीच्या सांगण्यावरून काही हस्तगत झाले, तर त्या शोधाशी थेट संबंध असलेला त्याच्या बोलण्याचा भाग वाचला जातो. निवेदन पंचनामा होतो तो याच तरतुदीखाली. म्हणजे संमती अवैध ठरली तर हा दरवाजा बंद आणि वैध ठरली तर उघडा. तपास यंत्रणेला आरोपीची रीतसर संमती हवी असते त्याचे खरे कारण यंत्राने काढलेल्या आलेखात नसून येथे आहे.

आणि बोलणे घडते ते बहुधा आलेख संपल्यावर. प्रश्नमालिका ‘हो’ किंवा ‘नाही’ एवढ्यापुरती असते. पण त्याआधी दीर्घ मुलाखत होते आणि नंतर ‘आलेखात गडबड दिसते, आता तुम्हीच सांगा’ असे सौम्य आवाजात सुरू होणारे संभाषण होते. सात-आठ तासांनंतर थकलेला माणूस त्या क्षणी केवळ समजूत घालण्यासाठीही काहीबाही बोलून जातो. मार्गदर्शक तत्त्वांत वकिलाची उपस्थिती लिहिलेली असली तरी माझ्या अनुभवात वकिलाला बहुधा बाहेरच्या खोलीत बसवले जाते, म्हणून संमती देणाऱ्याने ती अट दंडाधिकाऱ्यांच्या आदेशातच लिहून घ्यावी आणि चाचणीनंतरच्या मुलाखतीलाही ती लागू असल्याचे त्यात यावे.

‘पास’ झाल्यास नाव सुटेल का, या तिसऱ्या प्रश्नाचे उत्तर निराशाजनक आहे. जो अहवाल तुमच्याविरुद्ध वापरता येत नाही तो तुमच्या बाजूनेही न्यायालयाला बांधून ठेवत नाही. व्यवहारात तपास अधिकाऱ्याचे लक्ष दुसरीकडे वळू शकते, आणि माझ्या दोन अशिलांच्या बाबतीत तसे झाले हे मान्य केले पाहिजे. परंतु ‘यंत्राला फसवले’ असे म्हणून चौकशी पुन्हा सुरू झाल्याचेही मी पाहिले आहे. आरोपीने स्वतःहून चाचणी मागण्याबद्दल सर्वोच्च न्यायालयाने ९ जून २०२५ रोजी, न्यायमूर्ती संजय करोल आणि न्यायमूर्ती प्रसन्ना वराळे यांच्या खंडपीठामार्फत, नार्को चाचणीच्या संदर्भात विचार केला. बिहारमधील एका जामीन अर्जाच्या सुनावणीत पोलिसांनी सर्व आरोपींची नार्को चाचणी करू असे सांगितले आणि उच्च न्यायालयाने ते मान्य केले होते. तो आदेश रद्द झाला. स्वेच्छेने चाचणी मागण्याचा अधिकारही निरपवाद नाही, योग्य टप्प्यावर, म्हणजे बचावाचा पुरावा देण्याच्या वेळी, न्यायालय संमती आणि सुरक्षेच्या अटी तपासून परवानगी देऊ शकते, आणि अशा अहवालावर एकट्याने शिक्षा उभी राहू शकत नाही, असे त्यात सांगितले आहे. जामिनाच्या बदल्यात चाचणी असा व्यवहार यामुळे बसत नाही.

मग चाचणीला कधीच हो म्हणू नये का? माझे मत तसे टोकाचे नाही. माणूस अटकेत नसेल, प्रकृती ठीक असेल, प्रश्नांचे विषय आधी कळलेले असतील, वकील आत बसणार असेल आणि एखादा विशिष्ट, मर्यादित मुद्दा वादात असेल, तर विचार करून दिलेला होकार मी अडवलेला नाही. ‘त्या रात्री तुम्ही शाखेत गेला होता का?’ हा असा मर्यादित मुद्दा आहे. ‘चोरीविषयी तुम्हाला काही ठाऊक आहे का?’ हा मात्र नाही. शाखेत रोज कुजबुज ऐकणाऱ्या प्रत्येकाला काहीतरी ठाऊक असतेच. शिवाय दिलेली संमती चाचणी सुरू होईपर्यंत, आणि सुरू झाल्यावरही, मागे घेता आली पाहिजे असे मी संमतीपत्रातच लिहवून घेतो.

तुमच्या मेहुण्यांनी सध्या करायचे ते एवढेच. बाकीच्या चौघांनी सही केली का, याची शहानिशा करण्यात वेळ घालवू नये. पाच वेगवेगळ्या खोल्यांत पाच जणांना हेच सांगितलेले असू शकते. चौकशीला बोलावले की जावे, वेळेवर जावे, हजेरीची नोंद ठेवावी. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ३५(३) खालील, म्हणजे अटक न करता चौकशीला बोलावणाऱ्या, नोटिशीचे पालन करणाऱ्याला त्या गुन्ह्यात सहसा अटक करता येत नाही आणि करायची झाल्यास कारणे नोंदवावी लागतात. वकील परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करावा. आणि कागदाला तोंडी नकार देण्याऐवजी लेखी उत्तर द्यावे, मराठीत, साध्या शब्दांत: ‘मी तपासात पूर्ण सहकार्य करीत आहे आणि पुढेही करीन. लाय डिटेक्टर चाचणीबाबत मी माझ्या वकिलांशी बोललेलो नाही. राष्ट्रीय मानवी हक्क आयोगाच्या २००० च्या मार्गदर्शक तत्त्वांनुसार माझी संमती किंवा नकार मी न्यायदंडाधिकाऱ्यांसमोर, वकिलाच्या उपस्थितीत नोंदवीन. तोपर्यंत कोणत्याही संमतीपत्रावर मी सही करू शकत नाही.’ दोन प्रती कराव्यात, एक देऊन दुसरीवर तारीख, वेळ आणि ठाण्याच्या शिक्क्यासह पोच घ्यावी. पोच देण्यास कोणी नकार दिला तर तीच प्रत त्याच दिवशी स्पीड पोस्टाने पोलीस अधीक्षकांच्या कार्यालयाला पाठवावी आणि पोस्टाची पावती वकिलाकडे द्यावी.